आतला पॅड

आवाज आधी आईला ऐकू आला. ती मागच्या सीटवर उजव्या बाजूला बसली होती. मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन आठ दिवस झाले होते, डोळ्यांवर तो मोठा काळा चष्मा होता, आणि बाहेरचं धड दिसत नसल्यामुळे तिचं सगळं लक्ष कानात येऊन बसलं होतं.

"मागून काहीतरी किरकिरतंय गं," ती म्हणाली.

मी गाणं बंद केलं, काच खाली केली. सिंहगड रोडच्या गोंगाटातही तो ऐकू येत होता. बारीक, पातळ, चीं चीं असा. ब्रेकवर पाय ठेवला की थांबायचा, पाय उचलला की पुन्हा सुरू.

"खडा अडकला असेल," मी म्हणाले.

"खडा असा शहाण्यासारखा ब्रेक दाबल्यावर गप्प बसतो होय?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. असायला हवं होतं. माझ्याकडे मेकॅनिकल इंजिनिअरिंगची डिग्री आहे आणि त्यात ब्रेक हा विषय मी चांगल्या मार्कांनी पास झालेय. नोकरी मात्र पहिल्या दिवसापासून सॉफ्टवेअरची. आमच्या वर्गातल्या निम्म्याहून जास्त लोकांचं असंच झालंय, त्यामुळे त्यात विशेष काही नाही.

पाच दिवसांनी गणपतीसाठी आईला घेऊन चिपळूणला जायचं होतं. उंब्रजवरून आत वळून पाटण, कोयनानगर आणि मग कुंभार्ली घाट. गाडीत आम्ही दोघी, डिकीत दोन बॅगा, मोदकांचं नवं पातेलं आणि पुण्यातूनच न्यायला हवीत असं आईला वाटणाऱ्या अनेक गोष्टी.

गाडी मूळची बाबांची. निवृत्तीनंतर २०१९ साली त्यांनी हौसेने क्रॉसओव्हर घेतली. चारही चाकांना डिस्क ब्रेक असलेलं मॉडेल, कारण "घाटात जायचं असतं." मागच्या चाकांना अजूनही बऱ्याच गाड्यांत ड्रम असतात, त्यामुळे त्या दोन जास्तीच्या डिस्कचं त्यांना फार कौतुक. दोन वर्षांपूर्वी त्यांनी लांबचं गाडी चालवणं सोडलं आणि गाडी माझ्याकडे पुण्याला आली. सोबत त्यांचा एक नियमही आला. दर महिन्याच्या एक तारखेला टायरची हवा बघायची आणि अलॉय व्हीलच्या फटीतून टॉर्च मारून ब्रेक पॅड किती उरलेत ते बघायचं. मी मोबाईलच्या टॉर्चने बघायचे. मागच्या उजव्या चाकात पॅडवरचा थर मला नेहमी चांगला जाड दिसायचा. सहा मिलिमीटर तरी असेल. नव्या पॅडवर साधारण नऊ-दहा असतो आणि तीनवर आला की बदलायचा, एवढं मला माहीत होतं. म्हणजे निम्म्याहून जास्त शिल्लक. बाबांना मेसेज जायचा, "पॅड ओके." त्यांचा अंगठा यायचा.

त्या संध्याकाळीही पार्किंगमध्ये मी टॉर्च मारून बघितलं. सहा मिलिमीटर. पॅड ओके. मग आवाज कसला?

दुसऱ्या दिवशी ऑफिसला जाताना धायरीच्या रस्त्यावरच्या एका छोट्या गॅरेजमध्ये गाडी घातली. मिस्त्रीकाका पन्नाशीचे. मी आवाजाचं वर्णन करत होते, तोपर्यंत त्यांनी जॅक लावून चाक काढलंही होतं. कॅलिपरचा खालचा बोल्ट सोडून त्यांनी तो वर उचलला, दोन्ही पॅड काढले आणि माझ्या तळहातावर ठेवले.

"हा बाहेरचा. हा आतला."

बाहेरचा मी ओळखत होते. दर महिन्याला ज्याच्याकडे बघून "ओके" म्हणत होते तो. आतल्या पॅडचा थर एका टोकाला जेमतेम दोन मिलिमीटर होता आणि दुसऱ्या टोकाला जवळजवळ नव्हताच. पाचरीसारखा तिरका झिजलेला. त्याच्या पाठीला पोलादाची एक छोटी वाकडी पट्टी होती आणि तिचं टोक घासून चकचकीत झालं होतं. ही पट्टी मुद्दामच लावलेली असते. पॅड संपत आला की ती डिस्कला टेकते आणि किंचाळते. आईने ऐकला तो आवाज तिचा. गाडी बोलत होती, मी गाणी ऐकत होते.

"गाडी कधी पाण्यात उभी होती का?" काकांनी विचारलं.

होती. २२ जुलै २०२१. चिपळूणला ज्यांनी तो दिवस बघितलाय त्यांना तारीख वेगळी सांगावी लागत नाही. वाशिष्ठी आणि शिव नदीचं पाणी शहरात शिरलं. आमचं घर जरा चढावर असल्यामुळे आम्ही सुटलो, पण अंगणात उभ्या गाडीची चाकं अर्धी बुडाली. इंजिनपर्यंत पाणी गेलं नाही म्हणून आम्ही देवाचे आभार मानले. सर्व्हिसिंग करून घेतलं, गाडी धुतली आणि विषय संपला.

काकांनी कॅलिपरच्या खालच्या पिनवरचं रबर दाखवलं. फाटलेलं. पिन गंजून आपल्या भोकात घट्ट बसली होती. ती पकडीत धरून ते पिळत होते आणि ती हलायला तयार नव्हती.

इथे मला परीक्षेतली आकृती आठवली. आमच्यासारख्या बहुतेक गाड्यांच्या कॅलिपरला पिस्टन एकाच बाजूला असतो, आतल्या. ब्रेक दाबला की पिस्टन आतला पॅड डिस्कवर दाबतो. डिस्क जागची हलत नाही, त्यामुळे उलट्या धक्क्याने अख्खा कॅलिपर दोन पिनांवरून आतल्या बाजूला सरकतो आणि बाहेरचा पॅडही ओढून डिस्कवर आणतो. एका हाताने वही टेबलावर दाबण्याऐवजी दोन तळव्यांत धरावी तसं. पण पिन अडकल्या तर कॅलिपर नीट सरकत नाही. बाहेरचा पॅड अर्धवट काम करतो, आतला एकटा राबतो, आणि ब्रेक सोडल्यावरही डिस्कला चिकटून घासत राहतो. तिरका, कारण एक पिन मोकळी होती आणि एक अडकलेली. आणि चाकाच्या फटीतून दिसतो तो नेमका बाहेरचा.

क्लच आणि ब्रेकच्या धड्यात आम्हाला दोन गृहीतकं होती. पॅडवर सगळीकडे दाब सारखा आहे असं समजा, किंवा झीज सगळीकडे सारखी आहे असं समजा. डिझाईन करताना शक्यतो दुसरं धरायचं, कारण त्याने उत्तर कमी येतं आणि आपण सुरक्षित बाजूला राहतो. हे मी इतक्या वेळा लिहिलंय की आजही झोपेत सांगेन. 'झीज समान आहे असे मानू.' पेपरात या वाक्यानंतर गणित सुटायला लागायचं. इथे माझ्या तळहातावर एकाच चाकाचे दोन पॅड होते, एक सहा मिलिमीटरचा, एक संपलेला, आणि तो संपलेलाही दोन टोकांना दोन जाडीचा.

"नवे पॅड घेऊन या," काका म्हणाले. "दोन्ही बाजूंचे एकदम बदलायचे. पिन साफ करून ग्रीस करतो. तासाभराचं काम. तोपर्यंत गाडी इथेच राहू दे, हे लावून चालवू नका."

मी हो म्हणाले. आणि मग, का कोण जाणे, विचारलं, "काका, मी करू का?"

का कोण जाणे, हे खरं नाही. मला माहीत होतं का ते.

पहिल्या वर्षाला वर्कशॉप असायचं. फिटिंगच्या जॉबमध्ये माइल्ड स्टीलचे दोन तुकडे मिळायचे. एकात व्ही आकाराची खाच पाडायची, दुसऱ्याला त्यात बसेल असं टोक करायचं. हॅकसॉने कापायचं, मग कानशीने घासत बसायचं. सत्तर जणांच्या वर्गात आम्ही सहा मुली. माझा हॅकसॉ तिसऱ्यांदा वाकडा गेला तेव्हा तिथले असिस्टंट आले. चांगले होते स्वभावाने. "मॅडम, राहू द्या, हाताला लागेल," म्हणाले आणि वीस मिनिटांत जॉब पूर्ण करून दिला. सहाही जणींना त्यांनी असेच करून दिले. मला त्यात पैकीच्या पैकी मार्क मिळाले.

पुढे अनेक वर्षं मी हा किस्सा 'मुलींना कसं वागवतात' या सदरात सांगत आले. तो तसा आहेही. पण एक भाग मी नेहमी गाळते. त्यांनी माझ्या हातातली कानस घेतली तेव्हा मला राग आला नव्हता. सुटल्यासारखं वाटलं होतं. त्यानंतर चार वर्षांत प्रत्येक प्रॅक्टिकलला मी रीडिंग लिहून घेण्याचं काम स्वतःहून मागून घेतलं. इंजिन खोलणारे दुसरे, वहीत आकडे लिहिणारी मी. कोणी मला अडवलं नव्हतं. मीच बाजूला उभी राहायला शिकले होते आणि त्यात तरबेज झाले होते.

काकांनी माझ्याकडे बघितलं, मग माझ्या ऑफिसच्या कपड्यांकडे. "शनिवारी सकाळी या. उजवीकडचं चाक मी करतो, डावीकडचं तुम्ही करा. अडलं तर उजवीकडे येऊन बघायचं."

पॅड निवडायचं काम माझ्या सवयीचं होतं. रात्री मी स्प्रेडशीट उघडली. मटेरियलच्या हिशेबाने तीन प्रकार हाती लागले. ऑरगॅनिक पॅड मऊ, शांत, डिस्कला जपणारे, पण लवकर झिजतात आणि फार तापले तर त्यांची पकड लवकर ढिली पडते. सेमी-मेटॅलिकमध्ये लोखंड-पोलादाचा चुरा असतो. उष्णता चांगली सोसतात, पण आवाज करतात आणि डिस्क जास्त खातात. सिरॅमिक शांत, काळी भुकटी कमी, आणि महाग. मी सिरॅमिकच्या रकान्याला हिरवा रंग दिला. चांगलं आणि महाग दिसलं की मन तिकडे जातंच.

दुसऱ्या दिवशी नाना पेठेत गेले. गाड्यांच्या स्पेअर पार्ट्ससाठी पुण्यात दुसरीकडे फिरण्यात अर्थ नाही. दुकानदाराने काउंटरवर चार खोकी मांडली. गाडीच्या कंपनीचे पॅड २८५० रुपये. एका नावाजलेल्या ब्रेक कंपनीचे १७००. परदेशी सिरॅमिक ४६००. चौथ्या खोक्यावरचं नाव ओळखीचं वाटलं, पण त्यातलं एक अक्षर वेगळं होतं. "हेही चालतं," तो म्हणाला. किंमत ९००. हातात घेतलं तेव्हा बाकीच्यांपेक्षा चांगलंच हलकं लागलं.

मी सिरॅमिककडे बोट दाखवलं. त्याने विचारलं, "पुढे कुठले आहेत?"

"पुढे कंपनीचेच."

"मग मागे तेच घ्या."

मला वाटलं याला जास्तीची विक्री नको आहे की काय. मग त्याने पॅडच्या कडेला छापलेली अक्षरं दाखवली. नंबरांच्या रांगेत शेवटी दोन इंग्रजी अक्षरं, एफ एफ. पहिलं अक्षर पॅड साधारण तापमानाला किती पकडतो ते सांगतं, दुसरं तापल्यावर किती. ई म्हणजे घर्षणांक ०.२५ ते ०.३५, एफ म्हणजे ०.३५ ते ०.४५, जी म्हणजे ०.४५ ते ०.५५. घर्षणांक! कॉलेजमध्ये ज्याला आम्ही 'म्यू' म्हणायचो आणि जो गणितात नेहमी आयता दिलेला असायचा, तो पॅडच्या कडेवर छापलेला असतो, हे मला अठ्ठाविसाव्या वर्षी एका काउंटरवर कळलं. सिरॅमिकच्या खोक्यातल्या पॅडवर जी जी होतं.

जास्त पकड म्हणजे जास्त चांगलं, असं मागच्या चाकांच्या बाबतीत नसतं. ब्रेक मारला की गाडीचं वजन पुढे झुकतं आणि मागची चाकं हलकी होतात. म्हणून थांबवण्याचं साधारण ६० ते ७० टक्के काम पुढचे ब्रेक करतात. मागच्या हलक्या चाकांना पुढच्यापेक्षा कडक पॅड दिले तर ती आधी अडकू पाहतात, आणि मागची चाकं आधी अडकली तर गाडीची शेपूट फिरते. एबीएस असेल तर तो सावरतो, पण सावरायची वेळ आपणहून का आणायची? पुढच्या-मागच्याचा मेळ कंपनीने घालून दिलेला असतो. तो मोडायला माझ्याकडे हिरव्या रकान्याशिवाय कारण नव्हतं. मी २८५० रुपये दिले.

शनिवारी जुनी जीन्स घालून गेले. कॉलेजचा व्हर्नियर कॅलिपर कपाटातून शोधून बरोबर घेतला होता, कारण डिस्कची जाडी मोजायची होती. डिस्कवर किमान जाडी कोरलेली असते. माझ्या डिस्कवर ८.४ मिलिमीटर होतं. व्हर्नियर लावला तर बरोबर १०. "नव्यासारखी आहे," मी जाहीर केलं. काका हसले. त्यांनी माझं बोट धरून डिस्कच्या अगदी बाहेरच्या कडेवरून फिरवलं. तिथे एक उंचवटा होता. पॅड जिथवर पोचत नाही ती कड झिजत नाही आणि माझा व्हर्नियर त्या कडेला टेकत होता. त्यांनी पाच रुपयांची दोन नाणी दिली. दोन्ही बाजूंनी एकेक नाणं कडेच्या आत धरायचं, सगळ्याची मिळून जाडी मोजायची, मग नाण्यांची वजा करायची. उत्तर ९.१. डिस्क वाचली होती. आईने आणखी आठवडाभर उशिरा ऐकलं असतं तर वाचली नसती.

मग काम. पुढच्या चाकांना मागून दगड, गाडी पहिल्या गिअरमध्ये, हँडब्रेक सोडलेला. मागच्या ब्रेकचं काम करताना तो सोडावाच लागतो. जॅकने उचलून खाली स्टँड, कारण नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली हात घालायचा नाही. मास्क लावायचा आणि ब्रेकची भुकटी तोंडाने फुंकायची नाही. स्प्रेने ओली करून पुसायची. काकांनी उजवीकडे बोल्ट सोडला, मी डावीकडे. माझा सुटेना. काका उठून आले नाहीत. "पाना पूर्ण आत बसवा आणि हाताने ओढू नका, अंगाने ओढा," एवढंच बोलले. तिसऱ्या झटक्याला तो 'कट' करून सुटला. तो आवाज मला अजून आठवतो.

कॅलिपर काढल्यावर तो ब्रेकच्या नळीवर लोंबकळू द्यायचा नाही, बाइंडिंगच्या तारेने वर स्प्रिंगला बांधायचा. डावीकडच्या पिना गंजल्या नव्हत्या, पण कोरड्या पडल्या होत्या. त्या पुसून सिलिकॉन ग्रीस लावलं. साध्या ग्रीसने रबर फुगतं आणि पिन पुन्हा अडकते. काकांनी उजवीकडची गंजलेली पिन एव्हाना पिळून बाहेर काढली होती. तिथे नवी पिन आणि नवं रबर लागलं.

सगळ्यात जास्त वेळ पिस्टनला लागला. पुढच्या चाकाचा पिस्टन सरळ दाबून मागे जातो. माझ्या गाडीत मागच्याच्या पोटात हँडब्रेकची यंत्रणा आहे, त्यामुळे तो दाबत दाबत स्क्रूसारखा फिरवावा लागतो. मी आधी नुसता दाबत होते. जोर लावत होते, घाम गाळत होते, तो ढिम्म. मग उजवीकडे जाऊन बघितलं. काकांनी चौकोनी टूल लावून तो निवांत फिरवत आत घातला होता. आणि अजून एक बारकावा होता. पिस्टनच्या तोंडावर खाचा असतात आणि आतल्या पॅडच्या पाठीवर एक छोटा उंचवटा. तो खाचेत बसला नाही तर पॅड तिरका बसतो आणि तिरकाच झिजतो. दोन वेळा फिरवून मी खाच जुळवली. ज्यांच्या गाडीत बटणाचा इलेक्ट्रिक हँडब्रेक आहे त्यांनी हे असं करायचं नाही. त्याला आधी सर्व्हिस मोडमध्ये घालावं लागतं.

पॅड बसले, कॅलिपर बसला, बोल्ट काकांनी टॉर्क पाना लावून एकदा तपासले, चाकं लागली, गाडी खाली आली. काका हात पुसून समोरच्या टपरीवर गेले. "चहा सांगतो. मी आल्यावर काढू गाडी."

मी थांबायला हवं होतं. पण हात काळे झाले होते, बोल्ट मी सोडला होता, खाच मी जुळवली होती. मला ती गाडी स्वतः बाहेर काढायची होती. मी आत बसले आणि क्लच दाबून इंजिन सुरू केलं. गॅरेजसमोर रस्त्याकडे थोडा उतार आहे. क्लच दाबताच गाडी हळूच मागे सरकली. मी ब्रेक दाबला. पाय सरळ तळाला गेला. मध्ये काही नव्हतं. पायरी आहे असं समजून अंधारात पाय टाकावा आणि पायरी नसावी, तसं. हँडब्रेक ओढला तर तोही ढिलाच वर आला. आरशात टपरीचं बाकडं होतं आणि त्यावर काका आणि आणखी एक म्हातारे गृहस्थ बसले होते.

गाडी वीतभर सरकली आणि थांबली. पुढच्या चाकांमागचे दगड मी काढायला विसरले होते.

काका धावत आले नाहीत. चालत आले, चहाचे दोन ग्लास घेऊन. माझा चेहरा बघून त्यांनी आधी इंजिन बंद करायला लावलं. "पिस्टन आपण मागे घातला ना? मग तो पॅडपर्यंत परत यायला नको? पॅडल पाच-सहा वेळा दाबा. कडक लागेपर्यंत." मी दाबलं. पहिल्यांदा तळाला, दुसऱ्यांदा अर्ध्यावर, चौथ्यांदा पाय वरच अडला. हँडब्रेकही त्यानंतर नीट लागला. मग बॉनेट उघडून ऑइलची पातळी बघितली.

हे मला माहीत नव्हतं असं नाही. माझ्या यादीत ते अकराव्या नंबरवर लिहिलेलं होतं, 'गाडी हलवण्याआधी पॅडल पंप करणे.' यादी मोबाईलमध्ये होती, मोबाईल बॅगेत. ऑफिसात माझी चूक आधी टेस्टिंगवाले पकडतात. त्यांच्या हातून सुटली तर जुनी आवृत्ती परत चढवता येते. दहा मिनिटं कोणाचं तरी ॲप बंद पडतं, माफीची मेल जाते. इथे जुनी आवृत्ती नव्हती. बाकड्यावर दोन माणसं होती. तेव्हा मला आठ वर्षांनी वाटलं की वर्कशॉपमधल्या त्या असिस्टंटना माझ्या हाताची खरोखरच काळजी असेल. पण हाताला लागू न देता हे शिकायची दुसरी रीत मला अजून सापडलेली नाही.

काकांनी ग्रीस आणि पिनचे पैसे घेतले आणि मजुरी तीनशे. "सहाशे होतात. अर्धं काम तुमचं."

रविवारी सकाळी सहाला मी एकटीच मोकळ्या रस्त्यावर गेले. नवे पॅड आणि जुनी डिस्क यांना एकमेकांवर बसायला वेळ द्यावा लागतो. ताशी ५० वरून १० पर्यंत एका लयीत ब्रेक, मग थोडं अंतर नुसतं चालवून गार करायचं, पुन्हा तेच. असं दहा-बारा वेळा. पूर्ण थांबून तापलेला पॅड डिस्कवर दाबून ठेवायचा नाही. पहिल्या दोन-तीन वेळा पकड गुळगुळीत लागली, नंतर भरत गेली. आई उठायच्या आत मी परत आले. तिला सांगितलं की पेट्रोल भरायला गेले होते.

मंगळवारी निघालो. घाटमाथ्यापासून चिपळूणपर्यंत ढोबळमानाने ६०० मीटर उतरण आहे. माणसं-सामान धरून दीड टनाची गाडी तेवढी खाली आली की जी ऊर्जा सुटते, तिच्यावर दोन किलोवॉटचा गिझर सव्वा तास चालेल. ती कुठेतरी उष्णता म्हणून जाणारच. दुसऱ्या गिअरमध्ये उतरलं तर तिचा मोठा वाटा इंजिन घेतं. न्यूट्रल टाकून उतरणाऱ्याची बहुतेक सगळी चार डिस्कवर येते. आमच्या पुढे एक मोठी गाडी अखंड लाल दिवे लावून उतरत होती. तिसऱ्या-चौथ्या वळणावर जळका, करपट वास आला.

"हा आपला नाही ना?" आईने विचारलं.

"नाही."

तिने पुढे काही विचारलं नाही. थोड्या वेळाने बघितलं तर ती झोपली होती. गाडीत मी चालवत असताना आई सहसा झोपत नाही.

पोफळीला चहाला थांबलो तेव्हा मी मागच्या दोन्ही चाकांजवळ तळहात नेऊन बघितला. हात लावायचा नसतो, भाजतं. ऊब दोन्हीकडे सारखी होती. एक पॅड अडकलेला असता तर एक चाक जास्त तापलं असतं.

घरी पोचलो तर बाबा अंगणातच होते. बॅगा उतरवायच्या आधी त्यांनी टॉर्च आणली आणि गुडघ्याची तक्रार करत मागच्या चाकापाशी वाकले. फटीतून उजेड टाकून म्हणाले, "वा, भरपूर आहेत की."

"बाबा, तो बाहेरचा. आतला बघायचा असतो."

"आतला दिसतो कुठे?"

मी मोबाईलवर व्हिडिओ सुरू केला, टॉर्च लावली आणि चाकाच्या मागच्या बाजूने हात आत घालून कॅलिपरच्या जवळ धरला. मग आम्ही दोघं पायरीवर बसून तो बघितला. पहिल्या वेळी नुसता टायर आला होता. दुसऱ्यांदा हात हलला. तिसऱ्यांदा तो दिसला, नवा, सरळ, दोन्ही टोकांना सारखा जाड. बाबांनी मोबाईल डोळ्यांजवळ नेला, चित्र थांबवलं आणि बराच वेळ बघत राहिले.

"आता डावीकडचा घे," ते म्हणाले.